कालची फॅन

मीनलनं पेनलाइटचं बटण दाबलं. पिवळा उजेड आधी हिरवा झाला, मग निळा, आणि शेवटी जांभळ्यावर येऊन थांबला. सोफ्यावर मांडी घालून बसलेल्या अक्षयाचा कप ओठांपर्यंत गेला होता, तो तिथेच राहिला.

"जांभळा का?" तिनं विचारलं.

"मी बदलला ना माझा ओशी," मीनल म्हणाली. आपण काही विशेष सांगतोय असं तिला वाटतच नव्हतं. "आता हारु. तुझ्यावालाच. लंडनच्या शोमध्ये दोघी जांभळे लाइट घेऊन बसू. मस्त दिसेल ना?"

"हो," अक्षया म्हणाली. "मस्तच."

ओशी म्हणजे आपला लाडका, ज्याच्यासाठी घसा बसेपर्यंत ओरडायचं तो. 'शिओकाझे' या जपानी बँडमध्ये पाच जण होते आणि प्रत्येकाला एकेक रंग वाटून दिलेला होता. शोमध्ये ज्या रंगाचा लाइट हलवाल त्याचे तुम्ही चाहते. स्टेजवरून त्यांना अंधारात चेहरे दिसत नाहीत, रंग तेवढे दिसतात. पिवळा दाइची विनोद करायचा, सगळ्यांना आवडायचा, आणि मीनललाही पहिल्यापासून तोच आवडत होता. जांभळा हारुओमी, म्हणजेच हारु, कमी बोलायचा, कडेला उभा राहायचा, मुलाखतीत प्रश्न आला की आधी जमिनीकडे बघायचा. त्याच्यामागे फारसं कुणी नव्हतं, निदान इंग्लंडात तरी. म्हणून तर तो अक्षयाचा होता.

तिचा म्हणजे कसा, हे तिनं कुणाला सांगितलं नसतं. चाळिशीकडे निघालेली बाई, घरात अपूर्वसारखा शांत नवरा, मिल्टन कीन्समध्येच एका कंपनीत सॉफ्टवेअर टेस्टिंगची नोकरी. पण या देशात आली तेव्हा ना नोकरी होती ना ओळखीपाळखी, आणि वर्ष उलटायच्या आत लॉकडाउन लागला. अपूर्व दिवसभर वरच्या खोलीत हेडफोन लावून मीटिंगमध्ये, आणि ही खाली एकटी. तेव्हा कुठूनसा एक व्हिडिओ समोर आला. रिकाम्या थिएटरात, समोर एकही प्रेक्षक नसताना, हारु एकटा उभा राहून गात होता. अक्षयाला एक शब्द कळला नाही आणि रडू मात्र आवरेना. शब्द कळावेत म्हणून ती जपानी शिकायला लागली. पुढे लंडनला जाऊन परीक्षा दिली. मग बँडच्या गप्पांच्या व्हिडिओंना इंग्रजी सबटायटल्स लिहायला लागली, आणि बघता बघता इथल्या चाहत्यांमध्ये तिचं नाव झालं. काही अडलं की लोक म्हणायचे, अक्षयाला विचारा.

मीनल त्यांच्या गल्लीत राहायला आली ती त्यानंतर बऱ्याच वर्षांनी, नागपूरहून, नवऱ्याच्या, म्हणजे विनयच्या, नोकरीमुळे. महिन्याभरात तिला अख्खी गल्ली ओळखायला लागली. पोस्टमनच्या गुडघ्याचं ऑपरेशन कधी आहे, समोरच्या आजीबाईंचा नातू कुठल्या युनिव्हर्सिटीत गेला, सगळं तिला ठाऊक. ड्रायव्हिंग टेस्ट तिनं पहिल्या फटक्यात काढली. त्याच इन्स्ट्रक्टरकडे शिकून अक्षया दोनदा नापास झाली होती. मिल्टन कीन्समध्ये गाडी नसणं म्हणजे राउंडअबाउटच्या कडेला उभं राहून गाड्या संपायची वाट बघणं, आणि त्या काही संपत नाहीत. आता मीनल तिला सगळीकडे सोडायची, हौसेनं, हाक मारून. अक्षयानं तेही गिळलं होतं.

पण शिओकाझे तिनंच मीनलला दाखवलं होतं. घरातली आवडती वस्तू शेजारणीला बघायला द्यावी तसं. आणि शेजारणीनं ती आपल्या कपाटात ठेवून द्यावी, तसं आज झालं.

आपल्या ओशीवर दुसऱ्या कुणी जीव टाकलेला खपत नाही अशा चाहत्यांसाठी जपानीत चक्क वेगळा शब्द आहे. पूर्वी तो वाचला तेव्हा अक्षया हसली होती. काय एकेक वेडी माणसं असतात! त्या रात्री तिला तो शब्द आठवला आणि हसू आलं नाही.

लंडनचा शो जूनमध्ये होता. शोआधी फॅन क्लबच्या थोड्या सभासदांना आपल्या ओशीला प्रत्यक्ष भेटता येणार होतं, त्याची सोडत निघायची होती. अक्षया जुनी सभासद. मीनलला तिनंच सभासद करून दिलं होतं, स्वतःच्या लॅपटॉपवर, जपानी पानं वाचत. निकालाची ईमेल दोघींना एकाच सकाळी आली. अक्षयाच्या ईमेलमध्ये फार नम्र जपानीत नकार होता. मीनलचा फोन लगेच आला.

"अक्षया, हे काय आहे बघ ना. वर इंग्रजी अक्षरांत ओमेदेतो काहीतरी लिहिलं आहे. चांगलं आहे की वाईट?"

"अभिनंदन लिहिलंय," अक्षया म्हणाली. "तू हारुला भेटणार आहेस."

पलीकडे किंकाळी. "आणि तू?"

"माझं नाही लागलं."

"अगं माय! मग तू जा ना माझ्या जागी. खरंच जा. माझ्यापेक्षा तुझा हक्क आहे."

"पासपोर्ट बघतात," अक्षया म्हणाली आणि फोन ठेवला. मीनलनं तोंडदेखलं काही म्हटलं असतं तर तिला राग तरी धरता आला असता. ती मनापासून म्हणाली होती, आणि त्यानं जास्तच झोंबलं.

शोच्या आठवडाभर आधीच्या शनिवारी मीनलनं तिला तर्री-पोहे खायला बोलावलं. तर्री उकळत होती, स्वयंपाकघराच्या खिडकीवर वाफ धरली होती. मीनलनं गॅस बारीक केला आणि हात पुसत समोर येऊन बसली.

"मला त्याला एक वाक्य सांगायचं आहे. जपानीत. तू शिकव."

"कुठलं?"

मीनलनं पुसलेले हात पुन्हा पुसले. "आई गेली ना माझी, नोव्हेंबरमध्ये. मी पोचले तोवर सगळं उरकलं होतं. परत आले तर झोपच नाही येऊन राहिली. तेव्हा तू ते गाणं पाठवलं होतं, रिकाम्या थिएटरातलं. मी रोज तेच लावायची. विनय म्हणायचा, अगं दुसरं काही लाव. पण त्याच्यानंच डोळा लागायचा. तेवढंच सांगायचं आहे त्याला. आई गेली तेव्हा तुझ्या गाण्यानं मला सांभाळलं म्हणून."

अक्षयाला ते गाणं पाठवल्याचं आठवत होतं. उत्तर म्हणून मीनलनं नुसता हात जोडलेला इमोजी पाठवला होता. तिला वाटलं होतं, ऐकलंही नसेल. आता समोर बसलेल्या मैत्रिणीचे डोळे भरून आले होते आणि क्षणभर अक्षयालाही भरून आलं. पण क्षणभरच. तुझ्या गाण्यानं मला सांभाळलं, हे तर तिचं वाक्य होतं. कधी भेट झालीच तर बोलायचं म्हणून तिनं ते कधीपासून मनात घडवून ठेवलं होतं, क्रियापदाचं रूप किती आदराचं हवं इथपर्यंत. आता ते मीनल बोलणार. तिच्या डोळ्यांत असंच पाणी येणार, हारु खाली न बघता तिच्याकडे बघणार. आणि ते गाणं तिला कुणी पाठवलं हे त्याला कधीच कळणार नाही.

"एवढं मोठं नाही जमणार," ती म्हणाली. "काही सेकंदच मिळतात. मागचा माणूस हात धरून पुढे ढकलतो."

"मग छोटं करून दे ना."

"किनो फान नि नारिमाशिता."

"म्हणजे?"

"तुमच्या गाण्यानं मला वाईट दिवसांतून बाहेर काढलं."

मीनलनं फोन पुढे धरला. "परत म्हण. रेकॉर्ड करते."

अक्षया परत म्हणाली. सावकाश, एकेक शब्द सुटा करून.

त्या वाक्याचा अर्थ होता: मी काल तुमची फॅन झाले.

तिनं ते ठरवून केलं असं नाही. जिभेवर आलं आणि बोलून गेली. पण नंतर पूर्ण आठवडा हाताशी होता. एक मेसेज टाकला असता, अगं चुकलं, हे म्हण, तर विषय संपला असता. मीनलनं तेच वाक्य फोनमध्ये घालून पाहिलं असतं तरी तिला कळलं असतं. ती पाहणार नाही हे अक्षयाला पक्कं माहीत होतं, कारण मीनलचा तिच्यावर विश्वास होता. आठवडाभर मीनल गाडी चालवताना, प्रत्येक राउंडअबाउटला वळताना, "किनो फान नि नारिमाशिता" घोकत होती. शेजारच्या सीटवर बसून अक्षया तिचे उच्चार सुधारून देत होती.

रविवारी दुपारचा शो. दोघी ट्रेननं यूस्टनला उतरल्या, तिथून ट्यूबनं, भुयारी रेल्वेनं, थिएटरपाशी. मीनलनं जांभळी पैठणी नेसली होती. ट्यूबमध्ये माणसं वळून बघत होती आणि ती सगळ्यांकडे बघून हसत होती. भेटीची रांग मागच्या दारानं आत गेली. अक्षया पुढच्या दाराशी, इतर जांभळ्या चाहत्यांमध्ये उभी राहिली. कुणीतरी ओळखलं, तुम्हीच ना त्या सबटायटल्सवाल्या, म्हणून फोटो काढून घेतला. तिनं हसून फोटो दिला. मनात मात्र मागच्या दारापलीकडचंच चाललं होतं. काय होणार? तो कसनुसं हसेल, थँक यू म्हणेल आणि मीनल रांगेतल्या इतरांसारखी एक होऊन बाहेर येईल. एवढंच. कुणाचं काही बिघडणार नाही.

मीनल बाहेर आली ती जवळजवळ पळतच.

"हसला गं! दात दिसेपर्यंत हसला! मग म्हणाला, होन्तो? होन्तो? आणि बाजूच्या माणसाला काहीतरी सांगितलं, मग मला वाकून नमस्कार केला, दोनदा. पुढे काय काय बोलला, मला काही समजलं नाही."

होन्तो म्हणजे 'खरंच?'. इतके व्हिडिओ पाहिले, शब्दन् शब्द लिहून काढला, त्यांत हारु असा हसलेला अक्षयाला आठवत नव्हता.

"पण एक सांग," मीनल म्हणाली, "मी वाईट दिवसांचं सांगितलं आणि हा हसला कसा?"

"लाजला असेल. त्यांच्यात तसं असतं."

"असेल," मीनल म्हणाली. तिचा लगेच विश्वास बसला.

शो सुरू झाला. पहिली काही गाणी झाल्यावर पाचही जण स्टेजच्या पुढे येऊन पाणी पीत गप्पा मारायला लागले. दाइचीनं हारुला कोपरानं ढोसलं, सांग की, सांग की. हारु जमिनीकडे बघत पुढे आला आणि जपानीत बोलायला लागला. थिएटरात ते नीट कळणारे थोडेच होते. अक्षयाला सगळं कळत होतं.

"आज एका बाईंनी मला सांगितलं, मी काल तुमची फॅन झाले. मी बरीच वर्षं गातोय. आता मला कुणी नवीन माणूस मिळणार नाही, जे आहेत तेवढेच, असं मला वाटायला लागलं होतं. या बाईंना मी काल आवडलो आणि आज त्या इतकं छान नेसून आल्या. तेव्हापासून मी तेच आठवतोय."

मग त्यानं मान वर केली, कपाळावर हात आडवा धरला आणि मोडक्या इंग्रजीत, आदराचं जपानी 'सान' जोडून, हाक मारली, "येस्टरडे-फॅन-सान! व्हेअर?"

थिएटर हसलं, ओरडलं, माना वळवून शोधायला लागलं. जांभळी साडी सापडायला कितीसा वेळ लागणार. मीनल मात्र अक्षयाकडे बघत होती.

"येस्टरडे?" ती म्हणाली. "किनो म्हणजे काल?"

अक्षयाला तिसरं खोटं सुचलं नाही. तिनं मान हलवली.

मीनलच्या चेहऱ्यावर काय आलं ते त्या जांभळ्या उजेडात नीट दिसलं नाही. मग तिनं हळूच लाइट वर केला, कारण तो तिकडे उभा राहून शोधत होता आणि त्याला असं ताटकळत ठेवणं तिला बरं वाटेना. हारुला लाइट दिसला. त्यानं दोन्ही हात हलवले आणि पुन्हा तसाच हसला. अक्षया तिच्या शेजारीच होती, हातात तोच रंग घेऊन. आपण पकडलो गेलो याची तिला लाज वाटायला हवी होती. पण आधी आली ती जळजळ. तो इकडे बघून हसतोय आणि माझ्यासाठी नाही. लाज मागून आली.

परतीच्या ट्रेनमध्ये मीनल खिडकीपाशी बसली. बाहेर अजून लख्ख उजेड होता, डब्यात फुटबॉल बघून आलेली पोरं गात होती. वॉटफर्ड मागे पडलं तेव्हा ती बोलली.

"मी त्याला माझ्या आईचं सांगतेय असं समजून बोलले. हात जोडून बोलले, अक्षया. आणि तो हसला. मी म्हटलं, जपानी आहे, हसत असेल."

"मीनल..."

"काहून केलं तू असं?"

अक्षयानं खूप शोधलं. शेवटी जे खरं होतं तेच तोंडातून आलं. "ते गाणं माझं होतं."

"मग पाठवलं काहून मला?"



स्टेशनवर उतरल्यावर अक्षया बसथांब्याकडे वळली. मीनलनं गाडीचं दार उघडलं. "बस. रविवारची बस नाही मिळायची आता." वाटेत ती एकदाच बोलली, सीटबेल्ट लाव म्हणून. घरापाशी गाडी थांबली, अक्षया उतरली, आणि गाडी पुढे चार घरं जाऊन तिच्या दारात उभी राहिली.

त्यानंतर मीनलचा मेसेज आला नाही. हाक नाही, पोहे नाहीत. जगभरच्या चाहत्यांमध्ये मात्र ती क्लिप फिरायला लागली आणि जो तो अक्षयाकडेच येऊ लागला. हारु काय म्हणाला? सबटायटल्स कधी देतेस? ही येस्टरडे-फॅन-सान कोण, तुला माहितीये का? अक्षयानं लॅपटॉप दोनदा उघडून बंद केला. मग बसून प्रत्येक वाक्य नीट उतरवलं, एक शब्द इकडचा तिकडे न करता. 'इतकं छान नेसून आल्या' लिहिताना दात-ओठ खाल्ले. पण लिहिलं.

जुलैमध्ये एकदा ती शॉपिंग सेंटरच्या बसथांब्यावर उभी असताना समोरून मीनलची गाडी गेली. शेजारच्या सीटवर एक तरुण मुलगी होती, हातात जपानीचं पुस्तक, आणि दोघी खिदळत होत्या. मीनल लायब्ररीत जपानीच्या क्लासला जाते आणि तिथली अन्वी नावाची मुलगी तिच्यासोबत असते, हे विनयनं अपूर्वला सांगितलं होतं. अक्षया आपल्या जागेकडे, त्या पुढच्या डाव्या सीटकडे, गाडी दिसेनाशी होईपर्यंत बघत राहिली. हारुनं हात हलवला तेव्हा दुखलं होतं, पण इतकं नाही.

घरी येऊन तिनं अपूर्वला सगळं सांगितलं. तो ऐकत राहिला, मग म्हणाला, "तू माफी मागितलीस तिची?"

"ट्रेनमध्ये बोलले की."

"ट्रेनमध्ये तू कारण सांगितलंस."

शनिवारी ती चार घरं चालत गेली आणि बेल वाजवली. मीनलनं दार उघडलं, पण पूर्ण नाही.

"मी अजून चिडलेली आहे," ती म्हणाली.

"माहितीये."

"आणि आणखी राहणार आहे."

"राहा," अक्षया म्हणाली. "मी फार वाईट केलं. तू आईबद्दल सांगत होतीस आणि मी ते ऐकूनसुद्धा केलं. चूक झाली असं नाही म्हणणार मी, मला कळत होतं. मला मत्सर वाटला. अजूनही वाटतो."

"कशाचा?"

"तो हसला त्याचा. तुझ्या त्या अन्वीचा." तिनं दारातल्या गाडीकडे पाहिलं. "तुझ्या लायसन्सचा सुद्धा."

मीनलच्या नाकातून हसण्यासारखा काहीसा आवाज आला, तिनं तो लगेच दाबला. दारावरचा हात तिनं काढला नाही, पण दार थोडं उघडलं.

"तुझा मेसेज बघायची मी," ती म्हणाली. "रोज. आज तरी ही बाई सॉरी म्हणेल म्हणून. तू सबटायटल्स काढून राहिली होती."

"हो."

"बरोबर केलं पण तू. मी डिक्शनरी घेऊन एकेक शब्द तपासला. म्हटलं, इथे तरी काही घुसडते का बघू."

अक्षयानं मान खाली घातली.

आतून आवाज आला, "मीनल ताई, कोण आला?"

"आत ये," मीनल म्हणाली. "व्याकरणाचा धडा आहे आणि आम्हा दोघींना काही झेपून नाही राहिला. माफ केलं असं समजू नको."

स्वयंपाकघरातल्या टेबलावर पुस्तकं पसरली होती. अन्वीनं वर बघितलं आणि तिचे डोळे मोठे झाले. "ओ माय गॉड, तू ते सबटायटल्सवाला अक्षया ताई आहेस? मी तुझा सगळा व्हिडिओज बघितला आहे!" इथेच, शेजारच्या ब्लेचलीत जन्मलेली पोरगी, मराठी तशी, पण चेहरा निर्मळ. तिनं लगबगीनं पुस्तकं सरकवून जागा केली. मीनल जाऊन तिच्या शेजारच्या खुर्चीवर बसली, तिच्या खांद्याला खांदा लावून, आणि समोरची खुर्ची अक्षयाला उरली.

अक्षयाला पुन्हा तोच मत्सर वाटला. तिनं तो वाटू दिला. मग समोरची खुर्ची ओढली, बसली आणि पुस्तक आपल्याकडे फिरवून घेतलं.

"कुठे अडलंय?" तिनं विचारलं.